खंजिरी, चाल आणि गाव

नागपुरात तुकडोजी महाराजांची पहिली गाठ पडते ती पाटीवर. मानेवाडा रस्त्याच्या बाजूला जायचं असेल तर ‘तुकडोजी पुतळा’ एवढं म्हटलं की ऑटोवाला पुढचं काही विचारत नाही. २००५ साली नागपूर विद्यापीठाला त्यांचं नाव दिलं गेलं. तेव्हापासून वकिली असो, वाणिज्य असो की विज्ञान, इथल्या प्रत्येक पदवीपत्रावर प्राथमिक शाळेच्या पुढे न गेलेल्या एका माणसाचं नाव छापलेलं असतं. विद्यापीठात त्यांच्या विचारधारेचा पदव्युत्तर अभ्यासक्रमही आहे. एवढं सगळं असून त्या पदवीधरांपैकी कुणाला महाराजांचं एखादं गाणं म्हणायला सांगितलं, तर शाळेच्या पुस्तकातल्या ‘या झोपडीत माझ्या’च्या पुढे गाडी सहसा जात नाही.

दोष पदवीधरांचा नाही. ‘राष्ट्रसंत’ या बिरुदाचं वजनच असं आहे की त्याखाली बाकीचं झाकलं जातं. चरित्रं लिहिली गेली ती संताची, भाषणं झाली ती समाजसुधारकाची, जयंतीच्या दिवशी वर्तमानपत्रांत लेख येतात ते ग्रामविकासाच्या द्रष्ट्यावर. पण गावात उभं राहिल्यावर या माणसाच्या हातात काय होतं, हा साधा प्रश्न विचारला तर उत्तर एकच येतं: खंजिरी. गाणं रचायचं, त्याला चाल लावायची, स्वतः वाजवत स्वतः म्हणायचं, ऐकणाऱ्यांकडून म्हणवून घ्यायचं आणि पुढच्या गावाला निघायचं. चाळीसेक वर्षं हा माणूस हेच करत होता. आश्रम, संघटना, मासिक, तुरुंग, परिषदा, ग्रामगीता हे सगळं त्या गाण्याच्या जोरावर उभं राहिलं. म्हणून पुढच्या पानांत तुकडोजी महाराजांना गायक-गीतकार म्हणून भेटायचं आहे. संतपण त्यांच्याकडून कुणी काढून घेत नाही. फक्त काही वेळ ते बाजूला ठेवायचं आहे.

जगात अशा गाणेकऱ्यांची मोठी जात आहे, आणि योगायोग असा की तिची सर्वांत गाजलेली पिढी महाराजांच्याच वयाची. अमेरिकेत १९२७ च्या उन्हाळ्यात टेनेसी आणि व्हर्जिनियाच्या सीमेवरच्या ब्रिस्टल गावात व्हिक्टर कंपनीने यंत्र लावलं आणि डोंगराळ भागातल्या गाणाऱ्यांना बोलावून त्यांची गाणी तबकड्यांवर घेतली. कार्टर कुटुंब आणि रेल्वेत राबलेला जिमी रॉजर्स ही नावं तिथून पुढे आली, आणि कंट्री म्युझिक नावाचा एक धंदाच उभा राहिला. त्याच मातीतून वर आलेला वुडी गथ्री १९१२ साली ओक्लाहोमात जन्मला आणि १९६७ च्या ऑक्टोबरात गेला. तुकडोजी महाराज १९०९ चे, गेले १९६८ च्या ऑक्टोबरात. दुष्काळाने देशोधडीला लागलेल्या शेतकऱ्यांमध्ये गथ्री गिटार घेऊन फिरला. लोकांच्या कानात आधीच बसलेल्या चाली उचलायच्या आणि त्यांवर आपले शब्द चढवायचे, ही त्याची रीत होती. त्याच्या सर्वांत प्रसिद्ध गाण्याची चालही चर्चमधल्या एका जुन्या गाण्याच्या वळणाची. तुकडोजी महाराजांनी वुडीचं नाव ऐकलं असण्याचा प्रश्नच नाही. तरी रीत तीच. खेड्यातला गाणारा कुठल्याही देशातला असो, नवी गोष्ट लोकांच्या गळी उतरवायची तर चाल जुनी हवी, हे त्याला आपोआप कळतं.

फरक आहे तो पैशाचा आणि यंत्राचा. तिकडे तबकडी होती, नॅशव्हिलचा रेडिओ होता, करार होते. इकडे नागपूरला आकाशवाणीचं केंद्र सुरू झालं ते १९४८ साली, आणि तोवर महाराज वऱ्हाडापासून छत्तीसगडापर्यंत माहीत झालेले होते. त्यांची कीर्ती पसरली ती तोंडातोंडी, आठवडी बाजाराच्या आणि जत्रेच्या वाटांनी.

अमरावती जिल्ह्यातलं यावली हे त्यांचं जन्मगाव. बेचाळीसच्या लढ्यात तिथे माणसं पडली, तेव्हापासून ते ‘यावली शहीद’ म्हणून ओळखलं जातं. ३० एप्रिल १९०९ ला जन्मलेल्या या मुलाचं नाव माणिक, वडील बंडोजी, आई मंजुळा. आडनाव कुठे इंगळे छापलेलं सापडतं, कुठे ठाकूर आणि त्याच्या जोडीला ब्रह्मभट्ट. हा ब्रह्मभट्ट शब्द सहज सोडून देण्यासारखा नाही. भाटांचा परंपरागत व्यवसाय स्तुतिगायनाचा, वंशावळी आणि पराक्रम छंदात बांधून म्हणण्याचा. घरात मात्र दारिद्र्य होतं, वडील शिवणकाम करत. माणिकचं शिक्षण यावली आणि वरखेड इथे मिळून तिसरी-चौथीपर्यंत झालं आणि तिथेच थांबलं.

वरखेडला आडकोजी महाराज होते. मुलगा त्यांच्यापुढे भजनं म्हणायचा. सांगतात ते असं की तो तुकोबांचे अभंग म्हणत होता आणि आडकोजींनी त्याला आपल्याच नावाची मुद्रा घालून म्हणायला सांगितलं, नाव दिलं ‘तुकड्या’. कथेतला तपशील जसाच्या तसा घडला असेल की नाही यावर वाद घालण्यात अर्थ नाही. तिच्यातला मुद्दा धंद्याचा आहे. आपल्याकडे गाणं कुणाचं हे ठरतं ते शेवटच्या कडव्यातल्या नावावरून. ज्ञानदेव, नामा, एका जनार्दनी, चोखा, सगळ्यांची सही तिथेच. सही मिळाली त्या दिवशी गाणारा पोरगा रचनाकार झाला. पुढे हजारो रचनांच्या शेवटी ‘तुकड्यादास’ येत राहिला. तुकोबांच्या अफाट नावाशेजारी स्वतःला ‘तुकडा’ म्हणवून घेण्यात नम्रता आहे. पण गाणेकऱ्याचा चाणाक्षपणाही आहे, कारण ते नाव एकदा ऐकलेला श्रोता विसरत नाही.

आडकोजी १९२१ मध्ये गेले. मुलगा बारा वर्षांचा. त्यानंतरच्या वर्षांत रामटेक, सालबर्डी, रामदिघी, गोंदोडा इथल्या रानांत तो फिरला. चरित्रकार याला तपश्चर्येचा काळ म्हणतात आणि तसा तो असेलही. गाण्याच्या बाजूने पाहिलं तर हीच उमेदवारीची वर्षं होती. पूर्व विदर्भात दंडार, खडी गंमत, कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब, मेळ्यातली भजनं आणि गोंडांची गाणी एकाच मोसमात कानावर पडतात. १९२५ साली, म्हणजे सोळाव्या वर्षी, त्यांनी ‘आनंदामृत’ हा पहिला छोटा ग्रंथ रचला. सोळा वर्षांच्या मुलाने वेदान्तावर लिहावं ही गोष्ट कौतुकाची खरी, पण त्यात उसनं पुष्कळ आहे. पुढचा तुकड्यादास त्यात शोधायला गेलं तर तो फारसा सापडत नाही. तो घडला भजनांत.

आता खंजिरीबद्दल. हे वाद्य हिंदुस्थानी संगीताच्या मैफलीत सहसा दिसत नाही, म्हणून थोडं सविस्तर. हातात मावेल एवढं लाकडाचं गोल कडं, एका बाजूला ताणून बसवलेलं कातडं, कड्याला खाचा पाडून त्यांत बसवलेल्या पितळेच्या चकत्या. पूर्वी अनेक ठिकाणी त्यावर घोरपडीचं कातडं चढवत. १९७२ च्या वन्यजीव कायद्यानंतर ते बंद व्हायला हवंच होतं. एका हाताने धरायचं, दुसऱ्या हाताच्या बोटांनी वाजवायचं. धरलेल्या हाताच्या बोटांनी कातड्यावर दाब दिला की आवाज खाली-वर होतो, त्यामुळे एवढ्याशा वर्तुळातून घुमाराही निघतो आणि चकत्यांची छनछनही. म्हणजे तबल्याचं आणि झांजेचं काम एकाच हातात. वजन नगण्य. बैलगाडीत, रेल्वेच्या तिसऱ्या वर्गात, काखेत मारून पायी, कसंही नेता येतं. पेटीवाला आला नाही म्हणून कार्यक्रम अडत नाही.

याहून महत्त्वाचं म्हणजे खंजिरी उभ्याने वाजवता येते. पखवाज किंवा पेटी घेऊन बसलेला बुवा श्रोत्यांच्या पातळीवर बसलेला असतो, त्याची नजर वाद्यावर असते. खंजिरीवाला उभा राहतो, हात डोक्याच्या वर नेतो, वळतो, समोरच्या ओळीतल्या माणसाच्या डोळ्यांत पाहून पुढची ओळ फेकतो. महाराजांची प्रसिद्ध छायाचित्रं पाहिली की हे लगेच कळतं. डोक्याला गुंडाळलेलं वस्त्र, उंचावलेली खंजिरी, सगळं अंग ठेक्यात. हजारोंच्या जमावात मागच्या माणसाला शब्द कळले नाहीत तरी ठेका दिसतो.

त्यांच्या भजनाचा साचा ठरीव आहे. आधी धृपद, तेही छोटं, दुसऱ्यांदा ऐकताना पाठ होईल एवढं. मग तीन-चार कडवी, प्रत्येक कडव्यानंतर साथीदार आणि मग सगळा जमाव धृपदावर येतो. शेवटी मुद्रा. भजनावलीच्या छापील पुस्तकांत रचनेच्या डोक्यावर कंसात एक ओळ असते: मराठी रचना असेल तर ‘चाल’, हिंदी असेल तर ‘तर्ज’, आणि पुढे दुसऱ्याच कुठल्या तरी गाण्याचे पहिले शब्द. कधी ते जुनं भजन असतं, कधी लोकांच्या ओठावरचं वेगळंच काही. वाचणारे ही ओळ ओलांडून जातात. गाणाऱ्यांसाठी मात्र पानावरची सर्वांत कामाची गोष्ट तीच. स्वरलिपी न जाणणाऱ्या माणसाला तीन शब्दांत अख्खी चाल पोचते. ज्या गावात महाराज कधी गेले नाहीत, तिथलं भजनी मंडळही संध्याकाळी ते गाणं उभं करू शकतं. तबकडी आणि रेडिओ हाताशी नसताना गाणं दूरवर न्यायचं हे तंत्र बिनखर्चाचं आणि पक्कं होतं.

१९३५ साली सातपुड्याच्या पायथ्याशी सालबर्डीला त्यांनी महायज्ञ भरवला. तीन लाखांवर माणूस जमला होता असं नोंदलेलं आहे. आकडा थोडा इकडे-तिकडे धरला तरी त्या काळातल्या त्या दुर्गम जागी एवढी गर्दी गोळा होणं ही या गाणाऱ्याच्या नावाची परीक्षाच होती. त्याच सुमारास नागपूर-अमरावती रस्त्यावर तिवस्यापुढच्या मोझरीला गुरुकुंज आश्रमाची जागा ठरली. ही निवड मोक्याची आहे. आश्रम हिमालयात नाही, घनदाट रानातही नाही, तो वाहत्या रस्त्यावर आहे. नागपूरहून निघालेली गाडी कोंढाळी, कारंजा, तळेगाव करत त्याच्या दारावरूनच अमरावतीला जाते.

दुसऱ्या वर्षी, १९३६ मध्ये, गांधीजींनी त्यांना बोलावलं. गांधीजी नुकतेच वर्ध्याजवळच्या शेगावात राहायला आले होते, त्या गावाचं सेवाग्राम व्हायला अजून चार वर्षं होती. महाराज तिथे सुमारे महिनाभर राहिले. मौनाच्या दिवशी भजन ऐकता ऐकता गांधीजी मौन विसरले आणि पुन्हा म्हणायला सांगितलं, ही आठवण विदर्भात सगळे सांगतात. तिची शहानिशा करणं आज कठीण. पण त्या महिन्यानंतर गाण्यांचा विषय बदलत गेला, हे गाणी वाचूनच दिसतं. आधी आत्मा, गुरू, नाम आणि वैराग्य. नंतर त्यांच्याच शेजारी खराटा, खादी, दारूबंदी, अस्पृश्यता, भांडणतंटे, उकिरडा. भजनात उकिरडा आणायला धैर्य लागतं. श्रोता देवाचं ऐकायला बसलेला असतो.

भाषेचा प्रश्नही याच वर्षांतला. नागपूर तेव्हा मध्यप्रांत आणि वऱ्हाडची राजधानी होतं. एका प्रांतात जबलपूर, रायपूर आणि अकोला. कचेरीत आणि बाजारात हिंदी-मराठीचं येणं-जाणं रोजचं. महाराजांनी दोन्ही भाषांत सारख्याच सहजतेने रचना केल्या. त्यांच्या हिंदीवर काशी-प्रयागच्या पंडिताने लाल पेन्सिल फिरवली असती. लिंग चुकतं, क्रियापद वऱ्हाडी वळणाने येतं, मध्येच मराठी शब्द घुसतो. पण ती इथल्या माणसाची हिंदी आहे, इतवारीत आणि रेल्वेच्या फलाटावर बोलली जाणारी. शुद्ध हिंदीत रचली असती तर ती गाणी छिंदवाड्याला मान्य झाली असती आणि चिमूरला परकी वाटली असती. मराठी रचनांत ते अधिक मोकळे आहेत, विनोद आणि टोमणा मराठीतच येतो. हिंदी रचनांत आवाज मोठा आणि उद्देश दूरचा.

हा मोठा आवाज १९४२ च्या ऑगस्टमध्ये किती लांब जातो ते दिसलं. त्या वर्षी त्यांची भजनं चंद्रपूर भागात, चिमूर परिसरात झाली होती. १६ ऑगस्टला, नागपंचमीच्या दिवशी, चिमूरला मिरवणुकीवर गोळीबार झाला, चिडलेल्या जमावाने सरकारी अधिकारी मारले. त्याच दिवशी वर्धा जिल्ह्यात आष्टीच्या पोलीस ठाण्यावर लोक चालून गेले, तिथेही दोन्ही बाजूंची माणसं पडली. झाडाझुडपांची शस्त्रं होतील, दगड बॉम्ब होतील अशा अर्थाचं महाराजांचं एक हिंदी गाणं त्या दिवसांत लोकांच्या तोंडी होतं. गाण्याने बंड झालं असं म्हणणं भाबडेपणाचं ठरेल. राग जुना होता, कारणं ठोस होती. पण सरकारला संबंध दिसला. २८ ऑगस्टला महाराजांना चंद्रपूरला अटक झाली. आधी नागपूरचा तुरुंग, मग रायपूरचा. सुटका २ डिसेंबरला. आष्टी-चिमूरच्या खटल्यांत पुढे फाशीच्या शिक्षा झाल्या आणि त्या टाळण्यासाठी नागपूरच्या अनसूयाबाई काळे यांनी जिवाचं रान केलं, ती कथा स्वतंत्रपणे वाचण्यासारखी आहे.

तुरुंगातून बाहेर आल्यावर या गाणेकऱ्याने जे केलं ते बहुतेक गाणेकऱ्यांना जमत नाही. त्याने आपल्या गाण्यासाठी माणसं बांधली. श्रीगुरुदेव सेवामंडळाचं जाळं १९४३ पासून गावोगाव विणलं गेलं. रचना सोपी: सकाळी ध्यान, संध्याकाळी सामुदायिक प्रार्थना, अधूनमधून गावसफाई आणि भजन. प्रार्थनेला पुजारी लागत नाही, मूर्ती लागत नाही, जातीची पंगत लागत नाही. एक सतरंजी, उदबत्ती आणि गाणं पाठ असलेली चार माणसं पुरतात. गुरुकुंजाचा छापखाना, ‘श्रीगुरुदेव’ मासिक, स्वस्तातल्या भजनावल्या हे सगळं त्या संध्याकाळसाठी. ‘अनुभवसागर भजनावली’, ‘राष्ट्रीय भजनावली’, ‘सेवास्वधर्म’, हिंदीतली ‘लहर की बरखा’ ही पुस्तकं ग्रंथालयात ठेवण्यासाठी छापली गेली नव्हती, ती खिशात आणि पिशवीत राहिली, घाम आणि तेल लागून पिवळी पडली. एका अर्थाने महाराज स्वतःच स्वतःची ध्वनिमुद्रिका कंपनी होते, फक्त मुद्रण कागदावर होतं आणि आवाज गावाचा.

गाणेकऱ्यांच्या दुसऱ्या प्रवाहांशी तुलना केली तर त्यांचं वेगळेपण नीट दिसतं. गाडगेबाबा (१८७६-१९५६) त्यांच्याच जिल्ह्यातले, वयाने वडील. बाबांचं हत्यार प्रश्न. कीर्तनात ते विचारत आणि श्रोत्यांकडून उत्तर काढत. स्वतःची गाणी मागे ठेवण्याची त्यांना गरज वाटली नाही, म्हणून बाबांची नक्कल करता येते पण बाबा पुन्हा उभे करता येत नाहीत. तुकडोजींचं उलट. त्यांनी इतरांनी म्हणावं म्हणूनच रचलं. दुसरीकडे वामनदादा कर्डक (१९२२-२००४) आहेत, नाशिक जिल्ह्यातल्या देशवंडीचे, मुंबईत गिरणीत राबताना अक्षरं शिकलेले. १४ ऑक्टोबर १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर दीक्षाभूमीच्या या शहरात भीमगीतांचा जो पूर लोटला त्यात वामनदादांच्या रचना अजून वाहत आहेत. दोघांचीही गाणी चालीवर बेतलेली, दोघांचीही मुद्रा शेवटी. मात्र वामनदादांचा शब्द जखमेतून येतो आणि हक्क मागतो. महाराज गावाला एकोप्याने राहायला सांगतात. त्यांच्या गाण्यातल्या गावात अन्याय आहे, पण तो बहुतेक वेळा समजूत घातली की दूर होणारा आहे. ज्यांनी गावाबाहेरच्या वस्तीतून तेच गाव पाहिलं, त्यांना हे पटलं नाही, आणि त्यांचं न पटणं समजून घेतल्याशिवाय तुकडोजींची गाणीही पुरती कळत नाहीत.

१९५५ हे वर्ष कारकिर्दीचं शिखर. त्या वर्षी जपानमध्ये विश्वधर्म आणि विश्वशांती परिषदेला ते गेले आणि तिथेही खंजिरी घेऊनच उभे राहिले. ‘हर देश में तू’ हे त्यांचं हिंदी भजन या प्रवासाशी जोडलं जातं. त्याच वर्षी ‘ग्रामगीता’ प्रसिद्ध झाली: ४१ अध्याय, ४,६७५ ओव्या, आणि ग्रंथ अर्पण केलेला ग्रामदेवतेला. गावाची सफाई, आरोग्य, संघटन, स्त्रियांची उन्नती, लग्नातला खर्च, अंत्यसंस्कार, विषय घरातले आणि पारावरचे. त्यात ‘प्रचार-महिमा’ असा एक अध्यायच आहे. लोकांपर्यंत विचार कसा न्यावा हे अनुभवी गाणेकरी तिथे सांगतो. ‘ग्रामगीता’ विदर्भात घरोघर आहे, पारायणं होतात, तिच्यावर प्रबंध झाले. तरीही इथे एक मत नोंदवायला हरकत नसावी: कवी म्हणून तुकडोजी ग्रामगीतेपेक्षा भजनांत मोठे आहेत. ओवीला लांबी लागते, आणि लांबीत उपदेशाचा सूर एकसुरी होत जातो. सलग दोन अध्याय वाचले की गाव सुधारण्याआधी वाचक दमतो. भजनात त्यांना चारच कडवी मिळतात, ठेका सुटू द्यायचा नसतो, म्हणून तिथे शब्द निवडावा लागतो. ओवी हळू आवाजात म्हणून पाहिली तर मात्र ती पुष्कळ बरी लागते. हा ग्रंथही मुळात कानासाठीच आहे.

राजेंद्रप्रसादांनी त्यांना ‘राष्ट्रसंत’ म्हटलं, आणि त्या शब्दाबरोबर व्यासपीठं बदलली. १९५६ मध्ये भारत साधुसमाजाची स्थापना झाली, महाराज त्याचे पहिले अध्यक्ष. विनोबांच्या भूदानाला त्यांनी साथ दिली, १९६२ आणि १९६५ च्या युद्धांच्या वेळी सीमेवर जाऊन जवानांपुढे भजनं केली. १९६४ मध्ये विश्व हिंदू परिषद स्थापन होताना तिच्या संस्थापकांतही ते होते. म्हणूनच आज त्यांच्या वारशावर गांधीवादी, सर्वोदयी आणि हिंदुत्ववादी असे सगळेच हक्क सांगतात, आणि प्रत्येकाला आपल्या सोयीची गाणी सापडतातही. हजारो रचना करणाऱ्या माणसाच्या बाबतीत असं व्हायचंच. उत्तरकाळातल्या काही रचना प्रसंगाला जोडून झटपट केलेल्या आहेत आणि त्या प्रसंगाबरोबर विरून गेल्या. त्याच काळात, थकलेल्या आवाजात, खासगी वाटाव्यात अशा काही रचनाही आहेत. त्यांत उपदेश जवळजवळ नाही. जाहीर सभांतून त्या क्वचितच ऐकू येतात.

कर्करोगाच्या आजारात ११ ऑक्टोबर १९६८ रोजी गुरुकुंजात त्यांचं निधन झालं. वेळ दुपारी चार वाजून अठ्ठावन्न मिनिटांची. पुण्यतिथीच्या सोहळ्यात त्याच मिनिटाला जमलेला लाखोंचा समुदाय मौन पाळतो, आणि त्याच्या आधी आणि नंतर दिवस-रात्र भजन चालू असतं.

त्यांच्यानंतर खंजिरी थांबली नाही. वऱ्हाडात आणि नागपूर-चंद्रपूरच्या गावांत खंजेरी भजनांच्या स्पर्धा भरतात, पुरुषांच्या वेगळ्या, महिलांच्या वेगळ्या, बालगटाच्या वेगळ्या. परीक्षक गुण देतात ते गायन, वादन, साथ आणि वेशभूषा पाहून. अकोला जिल्ह्यातल्या सिरसोलीचे सत्यपाल महाराज सात खंजिऱ्या मांडून एकट्याने वाजवतात. त्यांच्या कार्यक्रमात हसता हसता लोक हुंड्यावर आणि बुवाबाजीवर चार खडे बोल ऐकून घेतात. तुकडोजींचे ते थेट वारस आहेत आणि तरी नक्कल करत नाहीत, हे विशेष. स्पर्धांचं मात्र सगळंच चांगलं म्हणता येत नाही. ठेका दरवर्षी वाढतो आहे. दुगण-चौगणीत शब्द चिरडले जातात, आणि ज्या रचना संथ लयीतच अर्थ देतात त्या स्पर्धेच्या यादीतून गळत चालल्या आहेत.

त्याहून मोठी गळती चालींची आहे. रचनेच्या डोक्यावर ज्या गाण्याचे शब्द दिले आहेत, ते गाणंच आज कुणाला येत नसेल तर ती ओळ मुकी होते. शब्द आश्रमाने जपले, अनेकदा छापले, आता ते मोबाइलवरही मिळतात. चाली जपण्याची अशी व्यवस्था झाली नाही, कारण त्या कधी हरवतील असं कुणाला वाटलंच नव्हतं. त्या आहेत सत्तरी-पंचाहत्तरी ओलांडलेल्या भजनकऱ्यांच्या गळ्यात: काटोल, उमरेड, ब्रह्मपुरी, वरूड, दर्यापूरकडच्या मंडळांत. त्यातही एकाच भजनाची वऱ्हाडातली चाल आणि झाडीपट्टीतली चाल वेगळी निघू शकते, आणि दोन्ही बुवा आपलीच मूळची असं सांगतात. पुढच्या पानांतल्या निवडीत म्हणून ‘चाल’ आणि ‘तर्ज’च्या ओळी एकही न गाळता ठेवल्या आहेत, रचना विषयवार न लावता मराठी आणि हिंदी अशा दोनच भागांत दिल्या आहेत, आणि ज्या गाण्यांच्या दोन चाली म्हटल्या जातात तिथे तशी खूण केली आहे. ज्यांना यांतली एखादी चाल घरातल्या म्हाताऱ्या माणसाकडून ऐकलेली आठवते, त्यांनी ती मोबाइलवर म्हणवून घ्यावी, आणि म्हणणाऱ्याचं गाव व वय तेवढं त्याच्यासोबत लिहून ठेवावं.